कोंडाळ्यावरची बाई आणि दारात येणारा टिपर

आपण विचारले आहे की, राजारामपुरीतील आपल्या गल्लीच्या तोंडाशी रोज पहाटे एक बाई आणि तिच्यासोबत आठ-नऊ वर्षांची मुलगी कचरा उपसताना दिसतात. महापालिकेचा टिपर, म्हणजे कचरागाडी, घरोघरी येत असताना ही माणसे अजून कोंडाळ्यावर, म्हणजे रस्त्यावरच्या उघड्या कचराकुंडीवर, का दिसतात, त्यातून त्यांना मिळते किती, आणि आपण त्यांना पैसे द्यावेत, जुने कपडे द्यावेत की आणखी काही करावे? मी एकोणीस वर्षे कोल्हापुरात कचरा वेचणाऱ्या बायकांचे बचत गट, त्यांची ओळखपत्रे आणि त्यांच्या मुलांचे शाळाप्रवेश हेच काम करते आहे, म्हणून जरा विस्ताराने लिहिते. उत्तराचा गाभा आधीच सांगते. त्या बाईला पैशांपेक्षा आणि कपड्यांपेक्षा आपल्या घरातला कोरडा कचरा हवा आहे. तो ओल्यात न कालवलेला हवा आणि टिपरात पडण्याआधी हवा. असे का, हे तिचा दिवस पाहिल्याशिवाय कळणार नाही.

सगळे 'भंगारवाले' आपण एकाच नावाने ओळखतो, पण यात निरनिराळी माणसे आहेत. हातगाडी किंवा सायकल घेऊन रद्दी आणि भंगार विकत घेणारा फेरीवाला वेगळा. त्याच्या खिशात सकाळी भांडवल असते आणि तो आपल्या दाराशी काटा घेऊन उभा राहतो. जुन्या कपड्यांवर भांडी देणारी बोहारीण वेगळी. गुजरीतल्या सराफी दुकानांसमोरची धूळ आणि गटारातला गाळ धुऊन त्यातून सोन्याचे कण काढणारे झारेकरी तर एका जुन्या आणि अवघड कसबाचे धनी आहेत. कचरा वेचणारी बाई या सर्वांच्या खालच्या पायरीवर उभी असते, कारण माल विकत घ्यायला तिच्याजवळ पैसे नसतात. तिच्याकडे फक्त पोते, एक लोखंडी आकडा आणि कोणी हाकलून देईपर्यंतचा वेळ असतो. या कामात बायका अधिक आहेत, आणि त्यातील बहुतेक दलित व भटक्या-विमुक्त समाजांतील आहेत. नवरा गेलेला किंवा दारूत बुडालेला, गावाकडे जमीन नाही, धुण्याभांड्याचे काम द्यायला लोक जात विचारतात. अशा ठिकाणाहून त्या इथे येतात. एक पिढी कोंडाळ्यावर आली की दुसरी पिढी तिथेच वाढते, हे मी डोळ्यांनी पाहिले आहे.

त्यांचा दिवस पहाटे चारला सुरू होतो. झाडू मारणारे कामगार यायच्या आत बाजारपेठेतला पुठ्ठा उचलायचा असतो, त्यामुळे लक्ष्मीपुरी, महाद्वार रोड, शाहूपुरी या भागांत अंधारातच फेरी होते. राहत्या वस्त्यांतील गल्ल्या त्यानंतर. प्रत्येकीची वाट ठरलेली असते आणि दुसरीच्या वाटेवर सहसा कोणी जात नाही. नवरात्रात अंबाबाईच्या दर्शनाला गर्दी लोटली की पाण्याच्या बाटल्या भरपूर मिळतात. उन्हाळा बरा जातो. पावसाळा वाईट, कारण कोल्हापूरचा पाऊस एकदा लागला की पुठ्ठा भिजून लगदा होतो आणि ओला पुठ्ठा कोणी धड भावाने घेत नाही. पहाटेची दोन भये मोठी आहेत. एक कुत्र्यांचे, दुसरे चोर समजून अडवणाऱ्या माणसांचे. आमच्या गटातील एका मावशींना एकदा एका अपार्टमेंटच्या राखणदाराने पोत्यासकट दोन तास बसवून ठेवले होते. वरच्या मजल्यावरचा पितळी नळ गेला होता, एवढेच कारण. पोते रस्त्यावर उपडे करून दाखवले तेव्हा त्यात दुधाच्या पिशव्या आणि चपलांचे तळवे निघाले. त्या मला म्हणाल्या, "आमी काय चोर हाय व्हय, ताई? टाकलेलंच उचलतो की." ओळखपत्राचे महत्त्व मला त्या दिवशी कळले.

अकरा-बाराला घरी आल्यावर दुसरे काम सुरू होते, आणि ते आपल्याला कधी दिसत नाही. माल निवडायचा असतो. ही निवड डोळे, कान आणि बोटे यांनी होते. पाण्याच्या बाटलीचे प्लास्टिक वेगळे, तिच्या झाकणाचे वेगळे. दोन्ही एकत्र गेली तर भाव पडतो, म्हणून शेकडो झाकणे हाताने पिळून काढावी लागतात. शंका आली तर तुकडा पाण्यात टाकतात: बाटलीचा तुकडा बुडतो, झाकणाचा तरंगतो. पिशवी ओढून पाहिली की मऊ प्लास्टिक ताणले जाते आणि दुसरे चुरचुरते. रसायनशास्त्राच्या पुस्तकात घनतेच्या नावाने जे शिकवले जाते, ते अक्षरओळख नसलेल्या बाईच्या हाताला पाठ असते. चुंबक न लागणारा धातू बाजूला ठेवायचा, त्यात तांबे कोणते, पितळ कोणते, 'जर्मन' म्हणजे ॲल्युमिनिअम कोणते हे घासून पाहायचे. पूर्वी वायरवरचे प्लास्टिक जाळून तांबे काढत. त्या धुरात अत्यंत घातक विषारी द्रव्ये असतात, म्हणून आम्ही पाते लावून वायर सोलायला शिकवली. वेळ जास्त लागतो, पण बहुतेक जणी आता तसे करतात.

मिळते किती, हे आपण विचारले आहे. एका दिवसाचा हिशेब माझ्या वहीत आहे. मी स्वतः काट्याजवळ उभी राहून तो लिहिला होता. पुठ्ठा १४ किलो भरला, पण 'ओल' म्हणून २ किलो कापले आणि १२ किलोला ९ रुपयांनी १०८ रुपये झाले. पाण्याच्या बाटल्या ४ किलो, २२ रुपयांनी ८८. मिश्र प्लास्टिक ५ किलो, १० रुपयांनी ५०. पत्रा २ किलो, २४ रुपयांनी ४८. काच ६ किलो, तिचे ६ रुपये. एकूण ३००. त्यातून आधी घेतलेल्या उचलीचे ५० रुपये दुकानदाराने वळते करून घेतले आणि तिच्या हातात २५० रुपये पडले. पहाटे चारपासून दुपारी तीनपर्यंतचे हे काम होते, आणि तिने एकतीस किलो वजन डोक्यावरून व खांद्यावरून वाहिले होते. भाव रोज बदलतात, त्यामुळे हा आकडा सर्वांना लागू करू नये. मात्र हिशेबाची घडण सगळीकडे अशीच असते. काचेकडे पाहा. सर्वांत जड, सर्वांत धोकादायक, आणि जवळजवळ फुकट. वेफर्सची पाकिटे आणि शाम्पूच्या पुड्या या हिशेबात नाहीतच, कारण वेगवेगळ्या थरांचे ते पाकीट सोडवून वितळवणे परवडत नाही आणि म्हणून त्याला गिऱ्हाईकच नाही. रस्त्यावर आणि जयंती नाल्यात तीच पाकिटे का उरतात, याचे कारण हेच आहे. जे विकले जाते ते कोणीतरी उचलून नेते.

या मालाचे पुढे काय होते हे कोल्हापूरकरांनी तरी जाणून घ्यायला हवे, कारण आपले शहर भंगारावर जगणाऱ्या उद्योगांचे आहे. वेचलेले लोखंड आणि बिडाचे तुकडे वस्तीतल्या लहान दुकानातून घाऊक व्यापाऱ्याकडे जातात. शिरोली आणि गोकुळ शिरगावच्या फौंड्र्या कास्टिंग ओतताना भट्टीत असे भंगारच मोठ्या प्रमाणावर घालतात. पुठ्ठा कागद कारखान्यात जाऊन पुन्हा खोकी होऊन येतो. बाटल्यांचे तुकडे करून त्यांचे धागे होतात. या साखळीत प्रत्येक टप्प्यावर किंमत वाढते, आणि पहिल्या टप्प्यावरच्या माणसाला भाव ठरवण्याचा अधिकार नसतो. कच्च्या तेलाचे भाव उतरले की नवे प्लास्टिक स्वस्त होते, मग जुन्याला मागणी राहत नाही, आणि हा फटका काही दिवसांतच काट्यापर्यंत पोचतो. २०२१ च्या ऑक्टोबरपासून प्लास्टिक भंगारावरचा जीएसटी ५ टक्क्यांवरून १८ टक्के झाला. वेचणाऱ्या बाईला जीएसटी भरावा लागत नाही, पण वरच्या व्यापाऱ्यावरचा भार तो खाली दर पाडूनच भरून काढतो.

भंगार दुकानदाराला खलनायक ठरवणे सोपे आहे आणि मीही सुरुवातीची काही वर्षे तेच केले. काटा मारणे, ओलीची कपात वाढवणे हे प्रकार होतात, यात शंका नाही. पण रात्री मुलाला ताप आला तर बाई त्याच दुकानदाराचे दार वाजवते आणि तो दोन हजार रुपये काढून देतो. बँक देत नाही, पतसंस्था जामीन मागते. ही उचल म्हणजे आधारही आहे आणि गळ्यातले दावेही आहे, कारण उचल फिटेपर्यंत माल दुसरीकडे घालता येत नाही. बचत गटातून छोटे कर्ज मिळू लागले, तेव्हा आमच्या काही बायकांनी पहिल्यांदा दोन दुकानांतले भाव विचारून माल घातला. दुकानदाराशी भांडून जे साधले नव्हते, ते त्यामुळे साधले.

आता टिपरकडे वळते, कारण आपल्या प्रश्नाचे मर्म तिथे आहे. घरोघरी गाडी येणे आणि उघडी कोंडाळी हटणे ही शहरासाठी चांगलीच गोष्ट आहे; कुजक्या ढिगाशेजारी कोणालाच राहायचे नसते, वेचणाऱ्यांनाही नाही. परंतु कोंडाळे हे त्यांचे कामाचे ठिकाण होते. घरातला कचरा थेट गाडीत पडू लागला आणि गाडी थेट कसबा बावड्याजवळच्या झूम या कचरा प्रकल्पाकडे जाऊ लागली, तेव्हा त्यांचा कच्चा मालच त्यांच्या समोरून निघून गेला. "कचरा गाडीत गेला म्हंजे आमचा गेला," असे एका आक्कांनी मला एका वाक्यात सांगितले होते. मग दोन वाटा उरतात. टिपर येण्याआधी गल्लीत पोचायचे, किंवा प्रकल्पावरच्या कचऱ्याच्या डोंगरावर जायचे. डोंगरावर जो माल मिळतो तो भातात, डायपरमध्ये आणि भाजीच्या पाण्यात कालवलेला असतो, त्याला भाव निम्मा मिळतो, आणि आतून कुजणाऱ्या ढिगातून निघणाऱ्या वायूमुळे लागलेल्या आगीच्या धुरात उभे राहावे लागते. आपल्या गल्लीतील ती बाई पहिली वाट धरणारी आहे. टिपर असूनही ती येते असे नाही. टिपर आहे म्हणूनच ती इतक्या पहाटे येते.

यावर कायद्याने काही सुचवलेलेच नाही असे समजू नये. २०१६ च्या घनकचरा व्यवस्थापन नियमांनी कचरा वेचकांची व्याख्या केली. त्यांच्या संघटनांना मान्यता द्यावी, ओळखपत्रे द्यावीत, घरोघरच्या संकलनात त्यांना सामावून घ्यावे आणि वर्गीकरणासाठी जागा उपलब्ध करावी, अशी जबाबदारी या नियमांनी स्थानिक संस्थांवर टाकली. ते कसे होऊ शकते हे पुण्याने त्याही आधी दाखवले होते. तिथे १९९३ मध्ये बाबा आढाव यांच्या पुढाकाराने कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत उभी राहिली आणि २००८ पासून 'स्वच्छ' ही कचरा वेचकांच्याच मालकीची सहकारी संस्था घरोघरचा कचरा उचलू लागली. घरटी सेवाशुल्क मिळते आणि निवडलेल्या कोरड्या मालाची विक्रीही त्यांचीच. कोल्हापूर हे साखर कारखान्यांचे, दूध संघांचे आणि सेवा सोसायट्यांचे शहर आहे. सहकार म्हणजे काय हे इथे कोणाला समजावून सांगावे लागत नाही. ऊस पिकवणाऱ्याने आपल्या मालाची साखर होईपर्यंतच्या साखळीत वाटा मागितला आणि मिळवला. पुठ्ठा गोळा करणाऱ्या बाईच्या बाबतीत तोच विचार आपल्या मनात का येत नाही, हा प्रश्न मला गेली कित्येक वर्षे अस्वस्थ करतो.

आरोग्याबद्दल थोडे, पण नेमके सांगते. सर्वांत मोठा धोका इंजेक्शनच्या सुईचा आहे. दवाखान्यांच्या कचऱ्यासाठी स्वतंत्र नियम आहेत, मात्र घरी मधुमेहासाठी इन्सुलिन टोचणारे हजारो लोक सुया साध्या पिशवीत टाकतात. सुई टोचली तर आम्ही बायकांना तीन गोष्टी पाठ करायला लावल्या आहेत: जखम दाबायची किंवा चोखायची नाही, साबण लावून वाहत्या पाण्याखाली धुवायची, आणि लगेच सीपीआरला, म्हणजे इथल्या सरकारी रुग्णालयात, जायचे, कारण एचआयव्ही रोखण्याची औषधे ७२ तासांच्या आतच सुरू करावी लागतात. कावीळ ब ची लस तीन डोसांची असते आणि शेवटचा डोस सहाव्या महिन्यात. तोवर निम्म्या जणी विसरतात, म्हणून तारखा गटाच्या वहीत लिहून ठेवाव्या लागतात. हातमोजे वाटले जातात, पण जाड मोज्यात बोटांना प्लास्टिक ओळखता येत नाही आणि उन्हात हात घामाने भिजून जातात. त्या मोजे काढून ठेवतात म्हणून त्यांना बेफिकीर म्हणू नये.

पुराचा विषय वगळून कोल्हापुरातले कोणतेच जगणे सांगता येत नाही. राजाराम बंधाऱ्याजवळ पंचगंगेची धोका पातळी ४३ फूट आहे. २०१९ च्या ऑगस्टमध्ये पाणी ५५ फुटांवर गेले आणि २०२१ च्या जुलैमध्ये ५६ फुटांवर. घरात साठवलेला निवडलेला माल हीच या बायकांची पुंजी असते, आणि सखल भागात राहणाऱ्यांची ती पुंजी दोन वर्षांच्या अंतराने दोनदा वाहून गेली. पंचनाम्यात भांडी लिहिली गेली, धान्य लिहिले गेले. सात पोती बाटल्या 'नुकसान' या रकान्यात कोणी लिहून घेतल्या नाहीत, कारण लिहिणाऱ्याच्या दृष्टीने तो कचरा होता. पाणी ओसरल्यावर शाहूपुरी, व्हीनस कॉर्नर या भागांतील दुकानांसमोर भिजलेल्या मालाचे ढीग लागले, तेव्हा चिखलात उतरून तो निवडणाऱ्यांत याच बायका होत्या. त्या आठवड्यात त्यांच्या पायांना पडलेल्या भेगा मी विसरलेली नाही.

आपल्या पत्रातील मुलीविषयी लिहायचे राहिले. शाहू महाराजांनी १९१७ मध्ये सक्तीच्या मोफत प्राथमिक शिक्षणाचा कायदा केला, त्या शहरात ही मुलगी पहाटे कोंडाळ्यावर आहे. चौदा वर्षांखालील मुलाला कोणत्याही कामावर ठेवणे २०१६ पासून गुन्हा आहे, परंतु तक्रार करण्याआधी ती आईसोबत का येते हे विचारावे. बहुतेक वेळा उत्तर साधे असते: पहाटे चारला मुलीला झोपडीत एकटी ठेवायची भीती वाटते. शाळा दहाला भरते आणि आई तीनला मोकळी होते. म्हणून वस्तीजवळ पहाटे मुले थांबू शकतील अशी एक खोली आणि तिथे एक विश्वासू बाई, एवढ्या व्यवस्थेवर आमच्याकडच्या चौदा मुली नियमित शाळेत जाऊ लागल्या. कचरा वेचणाऱ्यांच्या मुलांना पहिलीपासून दहावीपर्यंत केंद्र सरकारची मॅट्रिकपूर्व शिष्यवृत्ती मिळू शकते, आणि ती कोणत्याही जातीच्या मुलांना आहे. मात्र पालक हे काम करतात असा दाखला लागतो. २०२४ पासून केंद्राच्या 'नमस्ते' योजनेतही कचरा वेचकांची नोंदणी आणि आरोग्य विमा यांचा समावेश झाला आहे. या दोन्हींसाठी नोंद लागते, आणि नोंदीसाठी त्या बाईचे काम हे काम आहे असे कोणीतरी कागदावर लिहून द्यावे लागते. आपण शाळेत शिक्षिका आहात असे पत्रात आहे, तेव्हा मुख्याध्यापकांकडे ही शिष्यवृत्ती विचारणे आपल्याला सहज जमेल.

आणि घरापुरते काय करावे? स्वयंपाकघरात दोन बुट्ट्या ठेवा आणि कोरड्यात ओले जाऊ देऊ नका. दुधाची पिशवी कोपरा पूर्ण कापून न टाकता चीर देऊन फोडा, म्हणजे तो बारीक तुकडा वाया जात नाही. मग विसळून वाळवा. फुटलेली काच जाड कागदात गुंडाळून वर लाल खूण करा. सॅनिटरी पॅड वर्तमानपत्रात गुंडाळून त्यावरही खूण करा आणि ते ओल्या किंवा कोरड्या कोणत्याच बुट्टीत न टाकता टिपरात वेगळे द्या. इन्सुलिनच्या सुया टोपणाच्या जाड प्लास्टिक डब्यात साठवून तो डबा आपल्या डॉक्टरांकडे परत न्या. जुने कपडे जरूर द्या, पण धुऊन आणि हातात. आणि उद्या पहाटे खाली उतरून त्या बाईंना मावशी किंवा आक्का म्हणून हाक मारा, नाव विचारा, आणि कोणत्या वारी येणार ते ठरवून घ्या. मजल्यावरच्या चार घरांनी आठवड्याचा कोरडा माल एका पोत्यात जमवला, तर तिची कोंडाळ्यावरची एक फेरी वाचते. पोते आदल्या रात्री फाटकाबाहेर ठेवू नका, कुत्री फोडतात. जिन्याखाली ठेवा आणि राखणदाराला सांगून ठेवा की सहा वाजता त्या येतील, त्यांना आत सोडायचे आहे.